अलगद ठेवलेला कप

आमच्या प्रयोगशाळेत जिभेला फसवायचं काम चालतं. मी असं म्हटलं की सरांच्या कपाळावर आठी चढते. "फसवायचं नाही हो, कडूपणाचा त्रास कमी करायचा," ते म्हणतात. एकूण एकच. जन्मभर कडू औषध घ्यावं लागणारी माणसं असतात. कंटाळतात बिचारी, घोट गालात धरून ठेवतात आणि घरच्यांची पाठ वळली की बेसिनमध्ये थुंकतात. अशा औषधात मिसळायला एखादं रसायन मिळावं, जे स्वतः गोड नाही पण जिभेला कडू कळूच देत नाही, म्हणून सर कित्येक वर्षं हात धुऊन त्याच्या मागे लागलेत.

आतल्या खोलीत प्लास्टिकच्या तबकड्या असतात, त्यांना इवले इवले खळगे, आणि प्रत्येक खळग्यात जिभेवर असतात तसल्या पेशी वाढवलेल्या. कडू पडलं की त्या मंद उजळतात. मग एकेका खळग्यात एकेक रसायन सोडायचं आणि कुठला उजेड विझतो ते यंत्राकडून मोजून घ्यायचं. सर पांढरा कोट घालून, एका पायावर भार टाकून त्या यंत्रापाशी तासन्‌तास उभे असतात, म्हणून आम्ही त्यांना मागे बगळा म्हणतो. त्यांना ते माहीत आहे.

शेकडो रसायनांमधून एखादंच पुढे जातं. ते अपायकारक नाही अशी सगळी तपासणी झाली की मग बाहेरच्या खोलीत, खऱ्या माणसांच्या जिभेवर. तिथे ओळीनं सात कप्पे आहेत. कप्प्यात एक खुर्ची, एक छोटं बेसिन आणि समोरच्या भिंतीत सरकती खिडकी. दिवा लाल, म्हणजे कपातल्या पाण्याचा रंग कळू नये. भिंतीच्या पलीकडे मी. खिडकी सरकवायची, आकडा घातलेला कागदी कप ठेवायचा, खिडकी लावायची. आतल्या माणसाला माझा हातमोज्यातला हात तेवढा दिसतो, मनगटापर्यंत. त्यांनी घोट तोंडात घोळवायचा, थुंकायचा आणि किती कडू लागला ते शून्य ते पंधरामध्ये लिहायचं. मग साधं पाणी, कोरडं बिस्किट, पुढचा कप.

खरं तर नियम असा की ज्यानं कप भरले त्यानं ते द्यायचे नाहीत. कुठल्यात काय आहे हे ज्याला माहीत, त्याच्या तोंडावरून समोरच्याला अंदाज येतो. पण कप देणारी मुलगी दुसरीकडे चांगली नोकरी लागली म्हणून निघून गेली आणि तिच्या जागी कुणी येईना. तेव्हा सरच म्हणाले, "तुम्हीच भरा आणि तुम्हीच द्या. नुसता हात तर दिसतो. हाताला काय तोंड असतं?"

तिसऱ्या खिडकीत माझ्या मोठ्या जाऊबाई बसायच्या. मी त्यांना वहिनी म्हणते. सरांना चांगल्या जिभा हव्या होत्या तेव्हा मीच त्यांना घेऊन आले होते. सरांनी पाण्याचे सात पेले मांडले, प्रत्येकात कडूपणा किंचित वाढवत नेलेला, आणि सगळे उलटसुलट केले. वहिनींनी एकेक घोट घेऊन ते बरोबर ओळीनं लावून दिले. सरांना इतका आनंद झाला की ते दोन्ही पायांवर उभे राहिले. तेव्हापासून तिसऱ्या खिडकीचा आकडा हाच सरांचा काटा. बाकीच्या सहा जणांचे आकडे त्या काट्याला लावून बघायचे.

घरीही तेच. आम्ही एकत्र राहतो. दोन भाऊ, म्हणजे वहिनींचे यजमान, ज्यांना मी दादा म्हणते, आणि माझा नवरा; आम्ही दोघी जावा, स्वयंपाकघर एक. एक म्हणजे वहिनींचं. मी लग्न होऊन आले तेव्हापासून निवडणं, चिरणं, घासणं माझ्याकडे आणि शिजवणं त्यांच्याकडे. त्यांच्या हाताला चव आहे हे शेजारपाजारचे सांगायचे, पाहुणे सांगायचे, आणि सगळ्यात जास्त त्या स्वतः सांगायच्या. मी कधी पातेल्यात चमचा घातला तर म्हणायच्या, "अगं, तुला काय कळणार त्यातलं! तू तुझे ते कप भर." वर्षानुवर्षं ऐकून घेतलं. तोंडानं मी तिखट असले तरी त्यांच्यापुढे माझी डाळ शिजत नव्हती.

मग वहिनींना ताप आला. बराच लांबला. त्यातून उठल्या आणि एके दिवशी पातेल्यापाशी उभं राहून त्यांनी पळी माझ्यापुढे धरली.

"बघ गं, मीठ बरोबर आहे का?"

मी आधी मागे वळून पाहिलं, दुसऱ्या कुणाला म्हणतायत का म्हणून. नाही, मलाच. मी चव घेतली, म्हणाले, "किंचित हवं." आणि त्यांनी खरोखर किंचित घातलं! त्या दिवसापासून रोजच. आंबट बघ, तिखट बघ, उतरवू का सांग. मला तर आभाळ ठेंगणं झालं. मी आईला फोन करून सांगितलं. आई म्हणाली, "चला, दगडाला पाझर फुटला म्हणायचा." मी त्यानंतर वहिनींच्या वाटणीचं घासणंसुद्धा आनंदानं करायला लागले. इतकी मी वेडी.

प्रयोगशाळेत त्या सुमाराला एक नवं रसायन माणसांपर्यंत आलं होतं. कडूला गप्प करतं म्हणून आम्ही त्याला गप्प्या म्हणायचो. साध्या कडू पाण्याला तिसरी खिडकी बारा-तेरा आकडा द्यायची आणि गप्प्या मिसळला की दोन, फार तर तीन. बाकीच्या खिडक्यांमध्ये फरक पडायचा, पण निम्म्यावरच अडायचा. सर म्हणायचे, "त्यांच्या जिभा बोथट आहेत, तिसऱ्या खिडकीकडे बघा." त्यांच्या चालण्यात उडी आली होती. अहवाल कंपनीकडे गेला की गप्प्या रुग्णांपर्यंत जाणार होता.

त्यात तो मंगळवार आला. आतलं यंत्र बिघडलं आणि ते दुरुस्त करणाऱ्या माणसापाशी कुणीतरी थांबायला हवं होतं, म्हणून मी तिथे थांबले. कप मी सकाळीच भरून, आकडे घालून ठेवले होते. सरांनी बाहेरच्या टेबलावर बसणाऱ्या बाईंना बोलावलं आणि खिडक्यांमागे उभं केलं. मधल्या काचेतून मला दिसत होतं, त्या बाई कप असे वाटत गेल्या, जणू पत्त्यांचा डाव मांडलाय. पट, पट, पट.

दुपारी सरांनी मला बोलावलं. त्यांच्यासमोर तिसऱ्या खिडकीचा कागद होता. साध्या पाण्याला नऊ. निव्वळ कडू कपाला दोन. गप्प्या मिसळलेल्याला अकरा.

"काय कालवून ठेवलंत तुम्ही?" ते म्हणाले.

"सर, मी नेहमीसारखंच..."

"नेहमीसारखं असतं तर ही जीभ चुकली नसती. ती आजवर चुकलेली नाही. तुम्ही आकडे उलटसुलट घातलेत. असल्या कामात एक कप चुकला की सगळं मुसळ केरात!"

"बाकीच्यांचे आकडे बघा की. ते तर ठीक आहेत."

"बाकीच्यांचं मला सांगू नका." त्यांचा आवाज चढला. मग जरा थांबून म्हणाले, "शुक्रवारी परत बसवू. कप तुम्हीच भरा, देईन मी. तेव्हाही असं झालं, तर मला दुसरं माणूस बघावं लागेल. वाईट वाटून घेऊ नका."

वाईट वाटून घेऊ नका! मी माघारी आले आणि उरलेला कडू कप तसाच तोंडाला लावला. जीभ आत ओढली गेली, इतका कडू. साधं पाणी साधंच होतं. माझी काहीही चूक नव्हती, आणि जिच्या जिभेवर सरांचा देवासारखा विश्वास, तिनं या विषाला दोन दिले होते.

बुधवारी नेहमीची बैठक होती आणि मी परत खिडक्यांमागे उभी होते. वहिनींचे आकडे लख्ख बरोबर आले. सरांनी माझ्याकडे अशा नजरेनं पाहिलं की बघा, आज नीट काम केलंत. माझ्या डोक्यात मात्र भुंगा शिरला. कप भरणारी मीच. खिडकी तीच, जीभ तीच. बदलला होता फक्त हात. मी गुरुवारी त्या हाताकडे लक्ष ठेवून काम करायला लागले, आणि मला माझं हसू आलं, मग भीती वाटली. साधा कप मी ठेवून मोकळी होत होते. पण कडू कप असला की माझा हात आपोआप हळू व्हायचा. मी तो अलगद टेकवायची, क्षणभर धरून ठेवायची, आजाऱ्याला औषध देताना धरतो तसा. मी स्वतःला चांगली निबर समजते. दुसऱ्याच्या तोंडात कडू घालताना माझा जीव असा कसानुसा होतो, हे मला माहीतच नव्हतं.

प्रत्येक बैठकीआधी दोन कप सरावाचे असतात, एक कडू, एक पाणी. ते मोजत नाहीत. तिसऱ्या खिडकीत मी पाण्याचा कप अलगद ठेवला, धरला, सोडला. नंतर कडू कप ठकदिशी आपटला.

कागद बाहेर आला. पाण्याला तेरा. कडूला शून्य.

मी आकडे पुन्हा वाचले. आणि खरं सांगायचं तर आधी आला तो राग. कीव वगैरे नंतर. ज्या पळीनं मला एवढं सुखावलं होतं तिचा अर्थ मला त्या लाल दिव्याच्या भिंतीमागे उभं राहून कळला. मला मान मिळाला नव्हता. माझी जीभ उसनी घेतली होती.

घरी येईपर्यंत मी त्यांच्याशी एक शब्द बोलले नाही. पुरुष मंडळी यायची होती. वहिनी वाळलेले कपडे घडी करत बसल्या. मी दारातच उभी राहिले.

"आज पहिल्या दोन कपांत तू काहीतरी केलंस," त्या मान वर न करता म्हणाल्या.

"कशावरून?"

"रस्ताभर तोंड मिटून आलीस. तू आणि गप्प! म्हणजे काहीतरी केलंसच."

"कधीपासून लागत नाही चव?"

त्यांनी एक सदरा घडी केला, उलगडला, परत घडी केला. "तापातून उठल्यापासून. तापानं गेली की तुमच्या त्या कपांनी, देव जाणे. आधी वाटलं येईल चार दिवसांत. कडू नाही, गोड नाही, मीठ नाही. तोंडात नुसता कागद चावल्यासारखं वाटतं बघ."

"आणि मला रोज पळी पुढे करत होतात, ते?"

"त्यासाठीच. दुसरं कुणाला विचारणार होते?"

निदान खोटं तरी बोलायचं होतं त्यांनी. मी इतकी चिडले की माझा आवाज फुटला. "मला वाटलं, तुम्ही मला आपलं मानायला लागलात! मी आईला फोन करून सांगितलं वहिनी!"

त्यांनी सदरा गठ्ठ्यावर ठेवला. मग म्हणाल्या, "मी काय करायचं होतं? इतकी वर्षं या घरात मी कोण आहे? हिच्या हाताला चव आहे, एवढंच ना? ना शिक्षण, ना रूप. तुझ्या सरांच्या तिथे चार माणसं मला अहो-जाहो करतात, तेही जिभेसाठीच. ती गेली म्हटल्यावर मी कुठे उभी राहू, तूच सांग."

"दादांना माहीत आहे?"

"छे! त्यांना कळलं असतं तर घर डोक्यावर घेतलं असतं. मीठ चिमूटभर इकडचं तिकडे झालं की ताट सरकवणारा माणूस तो. मी आधी त्यांच्या तोंडाकडे बघते. पहिल्या घासाला कपाळ हललं नाही, की मग माझ्या जिवात जीव येतो. तोंड बघून सगळं कळतं गं. तुझा तर नुसता हात बघून कळायचं. कडू असलं की किती हळू ठेवतेस, माझ्यासाठी वाईट वाटल्यासारखं."

मी आत येऊन त्यांच्यासमोर बसले. मग मी सरांचं सांगितलं. उद्या ते स्वतः कप देणार, आकडे चुकले तर माझी नोकरी जाणार, आणि मी खरं सांगितलं तर वहिनींची. मी म्हणाले, "आता तुम्हीच सांगा काय करू."

"तुझ्या मनाला येईल ते कर," वहिनी म्हणाल्या आणि कपड्यांचा गठ्ठा उचलून आत गेल्या. त्या संध्याकाळी त्यांनी पळी पुढे केली नाही आणि मीही आपणहून गेले नाही. जेवताना दादा मुकाट्यानं जेवले, म्हणजे बरं झालं असावं. मला चवीकडे लक्ष द्यायचं सुचलंच नाही.

शुक्रवारी सगळे सात कप्पे भरले. मी कप भरून बाजूला उभी होते, हात पाठीमागे बांधून, शाळेत शिक्षा झाल्यासारखी. माझ्या मनात दोनच वाक्यं होती, 'चूक माझीच' आणि 'वहिनींची जीभ गेलीय', आणि मी त्यातलं कुठलं बोलणार हे मला माहीत नव्हतं. सरांनी हातमोजा चढवला. त्यांचा हात सगळ्या कपांना सारखाच. पहिली खिडकी, दुसरी, तिसरी.

थोड्या वेळानं तिसऱ्या खिडकीवर आतून टकटक झाली. ती टकटक करायची नसते, कुणाला बरं वाटेनासं झालं तरच. सरांनी घाईनं खिडकी सरकवली.

"सर," वहिनींचा आवाज आला. चांगला मोठा, शेजारच्या कप्प्यांना ऐकू जाईल इतका. "हिनं भरलेलं बरोबर आहे. मंगळवारचंही बरोबर होतं. माझी जीभ गेलीय. मला कशाचीच चव लागत नाही. आकडे मी हिच्या हाताकडे बघून लिहीत होते. तिला ते माहीत नव्हतं."

कुणीतरी बिस्किट चावत होतं, ते थांबलं.

सर खुर्चीत बसले. बगळा खुर्चीत बसलेला मी पहिल्यांदा पाहिला. "कधीपासून?" त्यांनी विचारलं.

"तापापासून. की तुमच्या कपांपासून, ते तुम्ही मला सांगा."

तेव्हा मात्र त्यांच्या तोंडचं पाणी पळालं. बैठक तिथेच मोडली. सातही जणांना त्यांनी स्वतः गाडीत घालून नाक-कान-घशाच्या डॉक्टरांकडे नेलं. बाकीचे ठणठणीत निघाले. वहिनींबद्दल डॉक्टर म्हणाले, तापानंच, बहुतेक. चव परत येईल का, तर येतेही, नाही येत असंही होतं. त्या 'बहुतेक'वर मी अजून अडकून आहे. त्यांना त्या खुर्चीत नेऊन बसवलं मी होतं.

तिसरी खिडकी वगळून सरांनी सगळे आकडे परत मांडले आणि गप्प्या निम्म्यावर घसरला. बाकीच्या बोथट जिभा खरं सांगत होत्या. अहवाल गेला नाही. मला वाटलं, आता माझी पाळी. सरांनी बोलावून घेतलं, पण ओरडले नाहीत. ओरडले असते तर बरं झालं असतं.

"तुम्हाला वाटत होतं की गप्प्या चांगला आहे," ते म्हणाले. "म्हणून तो कप तुम्ही सहज ठेवत होतात. त्यांनी तेच लिहिलं. इतके महिने मी चव मोजत नव्हतो, तुमचं मत मोजत होतो. चूक माझी. नियम मीच मोडला." मग ते आतल्या खोलीच्या काचेकडे बघत म्हणाले, "यापुढे तुम्ही आतल्या खोलीत, पेशींपाशी. तिथे हात कसाही चालला तरी त्यांना दिसत नाही."

वहिनींना त्यांनी फाटकापर्यंत सोडलं, नमस्कार केला. रस्त्यावर आल्यावर वहिनी मला म्हणाल्या, "घरी यातलं काही बोलायचं नाही. तिथलं काम संपलं, एवढंच सांगायचं. समजलं?"

"समजलं. पण वहिनी, तुम्ही मला वाचवलंत."

"वाचवलंय कशाचं! तू भरलेलं बरोबर होतं, ते बरोबर म्हटलं." आणि झपाझप पुढे चालायला लागल्या. मी त्यांना गाठायला जवळजवळ धावले. मला त्यांचा हात धरायचा होता, पण त्यांनी दोन्ही हातांत पिशव्या घेतल्या होत्या.

त्यानंतर घरात एक विचित्र गोष्ट सुरू झाली. वहिनी म्हणाल्या, "आता स्वयंपाक तू कर, मी वरचं बघते. माझे गुडघे दुखतात." गुडघे ठणठणीत होते. इतकी वर्षं ज्या ओट्यासाठी मी मनात झुरले तो मला मिळाला, आणि तिथे उभं राहून मला चमचा तोंडाला लावायची हिंमत होईना. वहिनी शेजारीच असायच्या, भाजी निवडत. त्यांच्यादेखत चव बघणं म्हणजे उपाशी माणसासमोर बसून खाल्ल्यासारखं वाटायचं. म्हणून मी अंदाजानंच सगळं घालायची.

रविवारी दुपारी सगळे घरी होते. मी बटाट्याचा रस्सा केला, मीठ मोजून घातलं, आणि भात निथळेपर्यंत गच्चीवर कपडे टाकून आले. सगळे जेवायला बसले. मी वाढलं. वहिनींनी पहिला घास घेतला, डोळे मिटले आणि बोटं चाटून म्हणाल्या, "वा! झकास जमलाय. इतकी वर्षं उगाच हिला चिरायला बसवलं मी. आता या घरचा स्वयंपाक हिचाच."

त्यांना चव लागत नव्हती. तरी भर पंगतीत, माझ्यासाठी, त्यांनी आपली गादी स्वतःच्या तोंडानं सोडली. माझे डोळे भरून आले. मी मान खाली घालून घास घेतला.

रस्सा समुद्रासारखा खारट होता.

मी वहिनींकडे पाहिलं. त्यांनी हळूच माझ्या कानाशी येऊन सांगितलं, "तू वर गेलीस ना, तेव्हा मीठ मी घातलं. तू विसरशील म्हणून. तुझ्याच चमच्यानं मोजून." आणि त्या समाधानानं जेवायला लागल्या. खारट रस्सा, घासामागून घास.

माझ्या नवऱ्यानं घास तोंडात घेतला आणि त्याचे डोळे मोठे झाले. त्यानं तोंड उघडलं. आता तो बोलणार, वहिनींनी भरल्या पंगतीत वाखाणलेला रस्सा तोंडात धरवत नाही हे सगळ्यांना कळणार, आणि मग बाकीचंही. मी बोलायला जीभ उचलली, पण काय बोलले असते? खारट झालाय म्हटलं तरी त्यांचं उघडं पडत होतं.

"जेव मुकाट्यानं," दादा म्हणाले.

आवाज न चढवता, धाकट्या भावाकडे एकदाच बघून. मी ती नजर पाहिली. त्यानंही पाहिली आणि मान खाली घातली. दादांनी भातावर रस्सा कालवला, मोठा घास घेतला. कपाळावरची रेघ हलली नाही. चिमूटभर मिठासाठी ताट सरकवणारा हा माणूस. तो घास त्यांच्या घशाखाली कसा गेला असेल, ते माझ्या जिभेला ठाऊक होतं. आणि मला कळलं की आज काही पहिल्यांदा त्यांनी हे केलं नव्हतं. ज्या दिवशी वहिनींनी पळी पुढे केली नाही त्या दिवशीही ते असेच जेवले होते. त्याआधी किती वेळा, कोण जाणे.

"अजून वाढ गं," त्यांनी वाटी माझ्यापुढे केली. "फार दिवसांनी असं जेवण झालं."

मी वाढलं. त्यांनी वाटी दोन्ही हातांनी धरली आणि माझ्याकडे बघून नुसती मान हलवली, नको बोलूस म्हणून.

वहिनींचं सगळं लक्ष त्यांच्या तोंडाकडे होतं. त्यांच्या चेहऱ्यावर इतका आनंद मी तापाआधीही पाहिला नव्हता. त्यांनी मला कोपरानं ढोसलं.

"बघितलंस? दुसऱ्यांदा घेतलं. माणूस बोलायला काहीही बोलेल, पण तोंड खोटं बोलत नाही."

"हो वहिनी," मी म्हणाले, आणि दादांपुढे पाण्याचा तांब्या सरकवला.